आजमितीस वादीच्या ताब्यात

कोर्टाच्या आवारात, सायकली लावतात त्याच्या मागे, एक पत्र्याची शेड आहे. एकेकाळी तिथे सतरा टायपिस्ट ओळीने बसायचे, आणि सकाळी अकराला जो टकटकाट सुरू व्हायचा त्यात शेजारच्याचं बोलणंही ऐकू यायचं नाही. आता तिघंच उरलेत. त्यातल्या दोघांनी कंप्युटर घेतले. तिसरी कार्बनबाई. तिने मशीन सोडलं नाही. का सोडत नाहीस असं कुणी विचारलं तर म्हणते, तेच मला सोडत नाही, मी काय करू? छत्तीस वर्षं कार्बन पेपर हाताळून तिच्या अंगठ्याला आणि दोन बोटांना निळी झाक चढलीय, ती साबणानेही जात नाही. शिपायापासून वकिलापर्यंत सगळे तिला कार्बनबाईच म्हणतात. तिचं खरं नाव लिहिलेलं सापडेल ते एकाच ठिकाणी, तिच्या स्वतःच्या दाव्यात, 'वादी' या शब्दापुढे.

हो, तिचाही दावा आहे. चौदा वर्षांचं भिजत घोंगडं. जन्मभर दुसऱ्यांचे दावे टाइप करणाऱ्या बाईवर स्वतःचा टाइप करायची पाळी आली, आणि तीही कुणाविरुद्ध, तर सख्ख्या भावाविरुद्ध.

भानगड एका खोलीची. वडिलांच्या घराच्या मागच्या अंगाला, तळमजल्यावर, दहा बाय आठची खोली. एक खिडकी गल्लीत उघडणारी, तिची डावी झडप कधीच पूर्ण लागत नाही. कोपऱ्यात नळ. सिमेंटचं एक फडताळ, त्याची खालची फळी मधोमध तडकलेली. नवरा गेल्यावर एकोणतिसाव्या वर्षी कार्बनबाई माहेरी परत आली ती या खोलीत. मूलबाळ नव्हतं. टायपिंग शिकली, कमवायला लागली, म्हाताऱ्या वडिलांचं सगळं दुखणंखुपणं तिनेच काढलं. वडिलांनी जाताना लिहून ठेवलं की वरचं घर आणि पुढची जागा मुलाला, मागची खोली मुलीला. दादा म्हणाला, हे लिहिलंय तेव्हा त्यांचं डोकं ठिकाणावर नव्हतं. नळाचं पाणी बंद केलं, दाराशी लोखंडाचं भंगार आणून रचलं. शेवटी तिने दावा लावला.

दाव्यात मागण्या दोनच. खोली माझी आहे असं जाहीर करा, आणि दादाने मला तिथे त्रास देऊ नये अशी ताकीद द्या. खोली परत द्या असं मागायचा प्रश्नच नव्हता, कारण ती राहतच होती तिथे. किल्ली तिच्या पिशवीत होती. सहाव्या परिच्छेदात वकिलांनी सांगितलं ते वाक्य तिने स्वतःच्या मशीनवर उतरवलं: 'सदरहू खोली आजमितीस वादीच्या ताब्यात व वहिवाटीत आहे.'

उतरवलं म्हणजे उतरवलंच हं, वाचलं नाही. हे टायपिस्ट लोकांचं एक खूळ आहे, आणि ते समजून घेतल्याशिवाय पुढचं कळायचं नाही. टायपिंगच्या क्लासात बाईंनी पहिल्याच दिवशी बजावलं होतं की टायपिस्टने वाचायचं नसतं, उतरवायचं असतं; अर्थ शोधायला गेलीस की बोट अडखळलंच. कार्बनबाईने ते असं मनावर घेतलं की तिच्या हाताखालून हजार घरं गेली, शेतं गेली, विहिरी गेल्या, आणि संध्याकाळी घरी जाताना तिला एकाचाही पत्ता आठवायचा नाही. याच गुणावर तिचं नाव झालं. चूक शून्य. नेमका हाच गुण तिच्या मुळावर आला.

दावा लागून तीन वर्षं झाली असतील. एका सकाळी वहिनी जिन्यावरून पडली आणि तिचं कमरेचं हाड मोडलं. दवाखान्यातून आणली तेव्हा डॉक्टर म्हणाले, जिना चढायचं नाव काढू नका. आता हिला ठेवायचं कुठे? पुढच्या जागेत दादाचं मोटार वाइंडिंगचं दुकान, तांब्याच्या तारांचे गुंते आणि वॉर्निशचा वास. तळमजल्यावर न्हाणीची सोय असलेली खोली एकच, आणि तिच्यावरच तर भांडण. दादाची मागायची छाती झाली नाही. तो दुकानाच्या पायरीवर डोकं धरून बसला होता.

किल्ली कार्बनबाईने स्वतः होऊन दिली. ती वहिनीच्या उशाशी गेली, पिशवीतून किल्ली काढली आणि तिच्या मुठीत ठेवली. म्हणाली, "कंबर बरी होईपर्यंत तुझी. मग मला परत कर, नाहीतर तुझ्यावरही दावा लावीन." वहिनी हसली आणि मग रडायला लागली. या दोघींचं सख्यही तसलंच होतं. नळावरून कचाकचा भांडायच्या आणि संध्याकाळी एकमेकींच्या डोक्याला तेल लावायच्या. कार्बनबाईने आपली वळकटी आणि मशीन उचललं आणि कोर्टामागच्या गल्लीत एक भाड्याची खोली धरली. दोन-तीन महिन्यांचा प्रश्न आहे, असं तिने घरमालकाला सांगितलं.

कुठले दोन-तीन महिने. वहिनी चार वर्षं अंथरुणाला खिळली होती. दर रविवारी कार्बनबाई जायची, तिचे केस विंचरायची, नखं काढायची, तडकलेल्या फळीवरच्या औषधाच्या बाटल्या पुसून ठेवायची. कोर्टात तारखा पडत होत्या, इकडे नणंद-भावजय गप्पा मारत होत्या, आणि दादा दारात येऊन दोघींना चहा ठेवून जात होता. बोलत मात्र नव्हता. दावा चालू असताना बोलायचं कसं, हे त्याला सुचत नसावं.

आता ऐका, खरं घोडं पेंड खातं ते इथेच. त्याच चार वर्षांत कार्बनबाईच्या पुराव्याचं शपथपत्र द्यायची वेळ आली. तिचे वकील तसे भले माणूस, फी कधी तोंडाने मागितली नाही, पण कायम घाईत. म्हणाले, दाव्यात आहे तेच सगळं घ्या, तारीख तेवढी बदला, सही करा. बाईने जुनी प्रत डावीकडे लावली, कोरा कागद मशीनला चढवला आणि वीस मिनिटांत अकरा परिच्छेद उतरवले. तारीख बदलली. सहाव्या परिच्छेदाशी आली तेव्हा वहिनी त्या खोलीत झोपून दोन वर्षं झाली होती, किल्ली वहिनीच्या उशीखाली होती, आणि कार्बनबाईची बोटं सरळ लिहून गेली: आजमितीस वादीच्या ताब्यात. मग ती उठली, शपथ घेतली आणि सही केली. तिला काही म्हणजे काही खटकलं नाही. चूक शून्य!

वहिनी गेली. तेराव्या दिवशी किल्ली कशी मागायची म्हणून कार्बनबाई गप्प बसली. दोन महिन्यांनी गेली तर दाराला नवं कुलूप, आणि आत भाच्याने दोन वाइंडिंग मशीन बसवलेली. कार्बनबाईची जुनी खाट उभी करून भिंतीला टेकवली होती. भाचा म्हणाला, आत्या, कोर्टात चाललंय ना, तिथेच काय तो निकाल लागू दे. तिलाही ते पटलं. वकिलाला तिने यातलं अवाक्षर सांगितलं नाही. एक तर त्यांनी विचारलं नाही. दुसरं म्हणजे लाज वाटली. ज्याच्यावर दावा लावला त्याच्याच घरात आपण किल्ली देऊन आलो, हे कुठल्या तोंडाने सांगायचं? आणि निकाल लागला की खोली आपलीच होणार आहे, मग मधलं कुलूप कुणाचं का असेना, असा तिचा भाबडा हिशेब. दुसऱ्या कुणाचा दावा असता तर तिने चार सेकंदांत सांगितलं असतं की बाबा रे, ताबा गेला, दावा दुरुस्त करून घे. असले दुरुस्तीचे अर्ज तिने शेकड्यांनी टाइप केले होते. स्वतःच्या बाबतीत सुचलं नाही, एवढंच.

शपथपत्रापासून तिला पिंजऱ्यात उभं करून प्रश्न विचारायला कोर्टाला नऊ वर्षं लागली. तोवर तिची अडुसष्टी आली, उजव्या डोळ्यापुढे धूसर दिसायला लागलं, आणि मशीनचं काम इतकं आटलं की कधीकधी आठवडाभर कव्हर निघायचं नाही. घरमालकाला जागा पाडून नवी बांधायची होती. चार महिन्यांत खोली रिकामी करा, म्हणाला. दुसरीकडे एकट्या म्हातारीला कुणी खोली देईना. त्यामुळे सगळा जीव आता त्या मागच्या खोलीत अडकला होता. मशीन खिडकीखाली ठेवायचं, खाट नळाच्या विरुद्ध बाजूला, आणि फळी पहिल्यांदा बदलून घ्यायची, असं ती रोज मनात मांडत असे.

समोरचा वकील तरुण, आवाज मऊ. पाऊण तास इकडचं तिकडचं विचारलं. मग कागद मिटत म्हणाला, "खोलीला आज कुलूप कोणाचं आहे?"

"भाच्याचं," ती म्हणाली. शपथ घेऊन उभी होती, दुसरं काय म्हणणार?

"कधीपासून?"

तेवढ्यात पाच वाजले. न्यायाधीश बाई उठल्या, पुढची तारीख महिन्याने पडली. कार्बनबाईने वकिलाकडे पाहिलं तर ते कपाळाला हात लावून बसले होते.

त्यांच्या खोलीत गेल्यावर त्यांनी आधी तिला पाणी दिलं आणि मग फैलावर घेतलं. म्हणाले, तुम्ही मागितलंय काय, तर राहत्या जागेत त्रास देऊ नका. आणि राहता कुठे, तर भाड्याच्या खोलीत! न मागितलेली गोष्ट कोर्ट देत नाही. खोली परत मिळावी अशी मागणी आता दाव्यात घालायला पाहिजे, आणि साक्षीपुराव्याला सुरुवात झाल्यावर दावा बदलायचा तर एकच वाट असते. 'योग्य ती दक्षता घेऊनही ही गोष्ट आधी मांडता आली नाही' हे पटवून द्यावं लागतं. नवा दावा लावायचा म्हटलं तर आणखी पंधरा वर्षं धरा, बाई.

पंधरा वर्षं धरायची कुठे, हे दोघांनाही कळत होतं.

मग वकिलांनी आवाज खाली आणला. 'कधीपासून'चं उत्तर अजून कागदावर आलेलं नव्हतं. गेल्या महिन्यात दादाने आणि भाच्याने कुलूप तोडलं, तुमचं सामान बाहेर फेकलं, असं लिहा, म्हणाले. साक्ष सुरू झाल्यानंतर, म्हणजे शपथपत्रानंतर, घडलेली गोष्ट आधी कशी सांगणार? कोर्ट दुरुस्ती देईल. नव्वद टक्के देईल.

दुसऱ्या दिवशी कार्बनबाई शेडमध्ये आली, मशीनचं कव्हर काढलं, पुसलं. टेबलाच्या खणातून लाल पेन काढून रिफिल तपासली. कोर्टाने दुरुस्ती मंजूर केली की मूळ दाव्यावर ती लाल शाईने लिहावी लागते, आणि आवारातल्या अर्ध्या लाल ओळी तिच्या हातच्या. मग तिने तीन कागद, मध्ये दोन कार्बन असा जथा चढवला आणि अर्ज सुरू केला. पहिले दोन परिच्छेद झरझर उतरले. तिसऱ्यात कुलूप तोडायचं होतं.

छत्तीस वर्षांत पहिल्यांदा तिची बोटं थांबली. दादा कुलूप तोडतोय असं डोळ्यांपुढे आणायचा तिने खरंच प्रयत्न केला. पण दिसायची ती वहिनीच. मूठ आवळून हसणारी, मग रडणारी. कुलूप तोडलं असं लिहायचं म्हणजे ती किल्ली दिलीच नव्हती, वहिनी तिथे झोपलीच नव्हती, चार वर्षांचे रविवार झालेच नव्हते, असं म्हणायचं. तिला स्वतःचा भयंकर राग आला. एवढी खोटी वाक्यं या मशीनवरून गेली, एक आणखी गेलं असतं तर काय आकाश कोसळणार होतं? घरमालकाने दारावर नोटीस चिकटवलीय आणि बाईसाहेबांना खऱ्याचा पुळका आलाय! असं ती स्वतःलाच बोलत होती, आणि बोटं हलत नव्हती. शेजारच्या कंप्युटरवाल्याने मशीन बिघडलं का म्हणून विचारलं.

शेवटी तिने लिहिलं: 'वादीने सदरहू खोलीची किल्ली अकरा वर्षांपूर्वी प्रतिवादीच्या आजारी पत्नीस स्वखुशीने दिली. ती परत मिळालेली नाही.' आणि खाली, सवयीने, योग्य ती दक्षता घेऊनही.

वकिलांनी अर्ज वाचला, चष्मा काढला. म्हणाले, हे दाखल केलंत तर मला बोलायला जागा उरत नाही. ती म्हणाली, करा दाखल.

सुनावणी दहा मिनिटं चालली. समोरच्या मऊ आवाजाच्या वकिलाने दोन कागद शेजारी शेजारी धरले. नऊ वर्षांपूर्वी शपथेवर म्हणतात खोली माझ्या ताब्यात, आज म्हणतात त्याच्या दोन वर्षं आधीच किल्ली दिली. यातलं खरं कुठलं? आणि दक्षता म्हणाल तर, त्याने किंचित वळून तिच्याकडे पाहिलं, हे दोन्ही कागद टाइप कोणी केले? वादीने. वादीचा धंदा काय? कोर्टात कुणी तरी फिसकन हसलं. न्यायाधीश बाईंनी त्याला गप्प केलं. त्यांचा आवाज कठोर नव्हता. त्यांनी अर्ज पुन्हा एकदा वाचला, कार्बनबाईकडे बघितलं, आणि सांगितलं की किल्ली दिल्याची गोष्ट वादीला पहिल्या दिवसापासून माहीत होती. माहीत असलेली गोष्ट अकरा वर्षं न सांगणं म्हणजे दक्षता नव्हे. अर्ज नामंजूर.

बाहेर आल्यावर वकील म्हणाले ते आणखी वाईट होतं. अर्ज फेटाळला, पण त्यातलं वाक्य राहिलं. किल्ली स्वखुशीने दिली, हे आता तिच्याच सहीने कागदावर होतं, आणि समोरच्याला दुसरा पुरावा द्यायची गरज उरली नव्हती. निकाल काय तो पुढे लागेल, म्हणाले, पण आता त्यात काही राम नाही. खोटं लिहिलं असतंत तर मिळालं असतं, हे मात्र ते बोलले नाहीत. तिला ते न बोलता कळलं.

ती शेडमध्ये येऊन बसली. रडू येईल असं वाटलं होतं, आलं नाही. सरळ समोर बघत बसली. खिडकीखाली मशीन, नळासमोर खाट, हे मांडून पाहायची सवय इतकी जडली होती की मन आपोआप तिकडे जायचं आणि दारातून परत यायचं.

साडेतीनच्या सुमाराला दादा आला. चौऱ्याहत्तरीचा, काठी टेकत. चौदा वर्षांत तो या शेडमध्ये कधी आला नव्हता. पक्षकारांच्या स्टुलावर बसला, टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. वहिनी गेल्यावर किल्ली द्यायची राहूनच गेली, म्हणाला. आज उद्या करत राहून गेली.

तिचा इतक्या वर्षांचा सगळा संताप उसळून आला. "मग आता दे की," ती म्हणाली. "कोर्ट गेलं खड्ड्यात. तू दे."

दादाने बराच वेळ टोपीची कड चाचपली. "माझ्याकडे नाहीये, चिमे."

मग हळूहळू सगळं बाहेर आलं. मुलगा सही कर म्हणाला म्हणून पाच वर्षांपूर्वीच दादाने घर त्याच्या नावावर करून दिलं होतं. समोरचा वकील मुलानेच दिलेला. दादा दाखवतील तिथे सही करायचा. मुलाने वरच्या खोल्या भाड्याने दिल्या, खाली मशीन वाढवली. दादाची खाट आता जिन्याखाली होती, आणि गेल्या आठवड्यात तीही हलवा म्हणून सांगितलं होतं. ज्याच्याशी ती चौदा वर्षं लढत होती, त्याच्याकडे द्यायला काही उरलेलंच नव्हतं.

दादाने खिशातून घडी केलेला कागद काढून टेबलावर ठेवला. घर लिहून दिल्याची प्रत. त्याला मुलाविरुद्ध दावा लावायचा होता. दुसऱ्या कुणाकडे जायची लाज वाटते, म्हणाला.

कार्बनबाईने कागदाकडे पाहिलं, भावाकडे पाहिलं. त्याला हाकलून द्यावं असं तिला फार वाटलं. तिच्या घरमालकाची मुदत संपायला एकोणीस दिवस होते, आणि भाऊ तिच्यापुढे स्टुलावर बसून नाक पुसत होता. दावा कसा चालतो आणि किती चालतो हे या आवारात तिच्याइतकं कुणालाच माहीत नव्हतं.

"निकाल लागेल ना गं?" दादाने विचारलं.

"लागेल," ती म्हणाली. "तू नसशील तेव्हा. मीही नसेन."

त्याने मान हलवली, पण उठला नाही. मग तिने खणातून तीन कोरे कागद काढले, मध्ये दोन कार्बन घातले, कडा ठोकून सारख्या केल्या आणि जथा मशीनला चढवला. दादा आपणहून सांगायला लागला, की घर अमुक ठिकाणी आहे, वडिलार्जित आहे. तिने हात वर करून त्याला थांबवलं.

"ते मागाहून," ती म्हणाली. "आज, या घडीला, तुझ्याजवळ कुठली किल्ली आहे ते आधी सांग."

दादाने दोन्ही खिसे चाचपले, आणि रिकामे हात तिच्यापुढे टेबलावर ठेवले. कार्बनबाईने ते पाहिले आणि ताब्याचा सहावा परिच्छेद आधी टाइप केला.